गाव लहान, संशय मोठा: प्रेम आणि रहस्य एकाच घरात नांदणाऱ्या कादंबऱ्यांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझ्याकडून पुस्तकं उसनी नेणाऱ्यांत दोन तट आहेत. एकांना प्रेमकथा हवी असते, दुसऱ्यांना खून. माझ्या कपाटातला सगळ्यात भरलेला कप्पा या दोघांच्या मधला आहे: एखादं आडगाव, त्यात नवीन आलेली बाई, तिला आवडू लागलेला माणूस, आणि त्याच माणसावर येणारा संशय. हा कप्पा बघून लोक जे विचारतात, ते प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथे एकत्र केली आहेत. एक अपवाद सोडला तर शेवट कुठलाच फोडलेला नाही, बिनधास्त वाचा.

ही प्रेमकथा असते की खुनाची गोष्ट?

एक सोपी कसोटी सांगतो. पुस्तकातून प्रेम काढून टाका. रहस्य तरीही उभं राहतंय का? आता उलट करा, रहस्य काढून टाका. त्या दोघांचं लग्न व्हायला काही अडचण उरते का? दोन्हीकडे उत्तर 'नाही' आलं, तर ते पुस्तक या कप्प्यातलं.

उदाहरण म्हणून विल्की कॉलिन्सची 'द मूनस्टोन' घ्या. 1868 सालची ही कादंबरी आपल्याला तशी जवळची, कारण तिच्यातला हिरा मुळात सोमनाथच्या मूर्तीच्या कपाळावरचा आहे आणि 1799 मध्ये श्रीरंगपट्टण पडलं तेव्हा एका इंग्रज अधिकाऱ्याने तो लुबाडला अशी तिची सुरुवात आहे. हिरा यॉर्कशायरच्या किनाऱ्यावरच्या एका घरात, वाढदिवसाच्या रात्री चोरीला जातो. दुसऱ्या दिवसापासून घरची मुलगी रेचेल आपल्या आवडत्या तरुणाशी बोलणंच टाकते, आणि कारण काही सांगत नाही. हिरा कोणी चोरला आणि रेचेल का रुसली, ही एकाच गाठीची दोन टोकं आहेत. एक सुटल्याशिवाय दुसरं सुटत नाही.

मग साध्या रहस्यकथेत प्रेम नसतं का?

असतं, पण पूर्वी ते खपवून घेत नसत. अमेरिकन लेखक एस. एस. व्हॅन डाइन याने 1928 मध्ये रहस्यकथेचे वीस नियम छापले. त्यातला तिसराच नियम असा की कथेत प्रेमप्रकरण नको, कारण गुन्हेगाराला कोर्टापर्यंत न्यायचं काम आहे, प्रेमात पडलेल्या जोडप्याला बोहल्यापर्यंत नव्हे. नियम खमंग आहे, पण टिकला नाही. 1937 मध्ये डोरोथी सेअर्स हिने 'बसमन्स हनिमून' लिहिली आणि तिला उपशीर्षकच दिलं: 'मध्ये मध्ये तपासाचा व्यत्यय येणारी प्रेमकथा'. नवविवाहित जोडपं मधुचंद्रासाठी खेड्यातल्या जुन्या घरात येतं आणि दुसऱ्या दिवशी तळघरात घराच्या आधीच्या मालकाचं प्रेत सापडतं. आता मधुचंद्र करायचा की पंचनामा?

सगळं लहान गावातच का घडतं? शहरात खून होत नाहीत का?

शहरात खून भरपूर होतात. पण खुनाने शहर हादरत नाही. सकाळी पेपरात दोन ओळी येतात आणि लोकल वेळेवर सुटते. (बरं, वेळेवर नाही, पण सुटते.)

गावात तसं चालत नाही. कोणाच्या पायरीवर कोणाची चप्पल आहे, यावरून कोण कुठे बसलंय हे गावाला कळतं. अशा ठिकाणी माणूस मारला गेला, तर मारणारा बाहेरचा असण्याची शक्यता कमी. तो काल आपल्याच पंगतीला होता. संशयितांची यादी दहा-बारा नावांत संपते, आणि त्यातल्या प्रत्येकाला उद्या सकाळी दुकानात 'कसं काय' म्हणायचंच असतं. शहरात संशय आला की माणूस तोंड फिरवतो. इथे तोंड फिरवायला जागा नसते.

प्रेमाचंही नेमकं तेच होतं, आणि मला या कादंबऱ्या आवडण्याचं मूळ इथे आहे. गावात प्रेम लपत नाही, तसा संशयही लपत नाही. दोन्ही एकाच वाटेने पसरतात: दूधवाला, पोस्टमन, कपडे धुणारी बाई, चर्चबाहेरचे घोळके. नायिका एखाद्या माणसाबरोबर टेकडीवर फिरून येते. ती घरी पोहोचण्याआधी दोन बातम्या पोहोचलेल्या असतात, ती त्याच्यासोबत होती ही एक, आणि तो कसा माणूस आहे ही दुसरी.

अगाथा ख्रिस्तीने हे फार बारकाईने ओळखलं होतं. तिची मिस मार्पल सेंट मेरी मीड नावाच्या खेड्यात राहते, विणकाम करते, आणि खुनी पकडताना पायाचे ठसे कमी आणि शेजारपाजारची माणसं जास्त वापरते. हा माणूस मला आमच्या अमक्या मासळीवाल्याच्या पोरासारखा वाटतो, म्हणजे तो खोटं बोलताना असंच करणार, असा तिचा तर्क. आपल्याकडच्या आज्या याहून वेगळं काय करतात? 'हा अगदी सदूच्या वळणावर गेलाय' म्हटलं की सदू माहीत असलेल्यांना पुढचं सांगावं लागत नाही.

पण ख्रिस्तीच्या गावाचा खरा पेच 1950 च्या 'अ मर्डर इज अनाउन्स्ड'मध्ये आहे. चिपिंग क्लेगहॉर्न गावच्या साप्ताहिकात जाहिरात येते की शुक्रवारी संध्याकाळी साडेसहाला अमुक घरी खून होणार आहे, परिचितांनी हीच सूचना समजावी. आणि सगळं गाव मुद्दाम वेळेवर हजर होतं! गंमत तिथे संपते. महायुद्ध नुकतंच संपलंय, गावात नवी माणसं राहायला आली आहेत, आणि ती कोण हे त्यांच्या रेशनकार्डावर लिहिलंय तेवढंच ठाऊक. पूर्वी नवीन माणूस आला की कोणाची तरी ओळखचिठ्ठी घेऊन यायचा. आता तो स्वतः सांगेल तेच खरं. सगळे सगळ्यांना ओळखतात हा गावाचा भ्रम होता, असं मिस मार्पल एका संथ संभाषणात सांगते. मला वाटतं, अख्ख्या पुस्तकात सर्वांत भीतिदायक पान तेच आहे, आणि त्यावर रक्ताचा थेंबही नाही.

म्हणजे खेडेगावच लागतं?

नाही. बेट चालतं, बोर्डिंग शाळा चालते, बर्फात अडकलेलं हॉटेल चालतं, दवाखान्याची वसाहत चालते. माणसं मोजकी हवीत, एकमेकांना टाळता येऊ नयेत आणि निघून जाणं अवघड हवं. त्या हिशेबाने आमची हाउसिंग सोसायटीही बसते, बावीस बिऱ्हाडांची.

सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करू?

'रिबेका'. डॅफ्ने द्यू मोरिए, 1938. याबाबतीत मी तडजोड करत नाही.

इंग्रजी कादंबऱ्यांची ओळख करून देताना लोक या पुस्तकाबद्दल धुकं, समुद्र, हवेली असं बरंच सांगतात. मराठी वाचकाला ते सगळं सांगायची गरज नाही. एका वाक्यात सांगतो: एक गरीब, पोरकी मुलगी बिजवराला दिली आहे. सासरी सासू नाही, पण पहिलीच्या माहेरापासून बरोबर आलेली जुनी कारभारीण आहे, आणि ती घरातल्या प्रत्येक चमच्याला 'पहिल्या बाईसाहेब हे असं ठेवायच्या' म्हणते. आता सांगा, आपल्याकडे ही गोष्ट कोणाला नवी आहे? दुसरेपणाच्या बायकोची धाकधूक आपल्या ओव्यांतून, कथांतून आणि घराघरांतल्या कुजबुजीतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली. द्यू मोरिएने तीच धाकधूक घेऊन तिच्या पोटात एक मृत्यू दडवला.

या नायिकेचं नाव पुस्तकभर कुठेच येत नाही. पहिलीचं नाव मुखपृष्ठावर, रुमालांवर, पत्रांच्या कागदांवर, सगळीकडे. दुसरीला नावच नाही. वाचताना पहिल्यांदा हे लक्षात आलं तेव्हा मी पुस्तक मिटून काही वेळ नुसता बसलो होतो.

'रिबेका' झाली की मग रुची बघून पुढे जा. वादळ, दारू आणि धिंगाणा हवा असेल तर द्यू मोरिएचीच 'जमैका इन' (1936). मेरी येलन ही तेवीस वर्षांची मुलगी, आई गेल्यावर ओसाड माळावरच्या खानावळीत मावशीकडे राहायला येते. मावशीचा नवरा जहाजं खडकांवर आपटवून लुटणाऱ्या टोळीतला, आणि मेरीचं मन जडतं त्याच्याच भावावर, जो घोडेचोर आहे. निवड करायला चांगला माणूस समोर ठेवलेलाच नाही, ही या कादंबरीची खुबी.

हलकंफुलकं हवं असेल तर ख्रिस्तीची 'द मूव्हिंग फिंगर'. विमान अपघातातून सावरणारा वैमानिक बहिणीबरोबर गावात विश्रांतीला येतो आणि गावभर निनावी पत्रं सुरू होतात. कोणाच्या बायकोबद्दल, कोणाच्या मुलाबद्दल, सगळी घाणेरडी. यातला प्रेमाचा धागा चांगला आहे, पण नायक मुलीला रेल्वेत ओढून लंडनला नेतो आणि नवे कपडे घेऊन तिचं 'रूपांतर' करतो, तो भाग आज वाचताना नाक मुरडायला होतं. मुरडा आणि पुढे वाचा.

आणि प्रवासाची हौस असेल तर मेरी स्टुअर्ट. तिची 'नाइन कोचेस वेटिंग' (1958) फ्रान्सच्या डोंगरातल्या एका गढीत घडते. लिंडा नऊ वर्षांच्या मुलाला सांभाळायला तिथे येते. तिला फ्रेंच येतं, पण मालकांना तसली बाई नको असते म्हणून ती न येण्याचं सोंग घेते. सगळे तिच्यासमोर मोकळेपणी बोलतात. एवढ्याशा खोटेपणाने तिचा जीव वाचतो की जातो, ते वाचा.

नायिका नेहमी बाहेरून आलेलीच का असते?

कारण ती आपण असतो. गावातल्या जुन्या माणसाला कोणाचं कोणाशी वाकडं, कोणाच्या जमिनीचा वाद किती साली सुरू झाला, हे सगळं ठाऊक असतं. तो सांगायला लागला तर कादंबरी चाळीस पानांत संपेल. नवीन आलेल्या बाईला कोणी धड काही सांगत नाही. विचारलं की चहा पुढे करतात.

दुसरं कारण अधिक व्यावहारिक आहे. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये शिकलेल्या, गरीब, अविवाहित मुलीला इज्जतीने करता येण्यासारखं काम म्हणजे श्रीमंत घरात मुलांची शिक्षिका होणं. ती नोकरांत बसत नसे आणि मालकांतही नाही. अख्ख्या घरात एकटी. 1847 च्या 'जेन एअर'पासून या मुलीने कादंबरीत जे पाऊल टाकलं, ते शंभर वर्षं काही बाहेर काढलं नाही. 1960 मध्ये व्हिक्टोरिया होल्टची 'मिस्ट्रेस ऑफ मेलिन' आली तीही कॉर्नवॉलमधल्या अशाच शिक्षिकेची, आणि तिच्या यशानंतर अमेरिकेत या धर्तीच्या स्वस्त कादंबऱ्यांचा पूर आला. मुखपृष्ठं सगळी एकाच साच्यातली: मागे अंधारी हवेली, तिच्या एकाच खिडकीत दिवा, आणि पुढे झगा सावरत पळणारी बाई. जुन्या पुस्तकांच्या दुकानात असं मुखपृष्ठ दिसलं तर खुशाल घ्या. आतला मजकूर चित्रापेक्षा बहुधा बरा निघतो.

नायक इतके तुसडे का असतात?

कारण त्यांच्यावर संशय यायला हवा. हसतमुख, वेळेवर फोन करणारा, आईची विचारपूस करणारा माणूस या कादंबरीत दिसला तर मी त्याच्यावर डोळा ठेवतो, आणि बरेचदा माझं चुकत नाही.

मात्र इथे माझी एक तक्रार आहे. तुसडेपणा हे संशयाचं साधन म्हणून ठीक, पण जुन्या कित्येक कादंबऱ्यांत तो मर्दानगी म्हणून मिरवला जातो. बाईला गप्प करणं, मनगट धरणं, तिच्यापासून महत्त्वाच्या गोष्टी लपवणं आणि शेवटी 'मी तुझ्या भल्यासाठीच केलं' म्हणणं. खून त्याने केला नाही हे सिद्ध झालं, म्हणून तो संसाराला लायक ठरत नाही. चांगल्या लेखिका हा प्रश्न उघडा ठेवतात. 'रिबेका' पुन्हा वाचताना मला दर वेळी वाटतं की नायिकेला जे मिळालं त्याला सुख म्हणावं का, हे द्यू मोरिए मुद्दामच सांगत नाही.

मला खुनी आधीच कळतो. मग वाचून काय उपयोग?

खुनी कळणं आणि विश्वास कोणावर ठेवायचा हे कळणं या दोन वेगळ्या गोष्टी. शुद्ध रहस्यकथेत शेवटच्या पानावर नाव कळलं की सुटका. इथे नाव कळल्यावर त्या बाईला त्याच गावात, त्याच माणसांत राहायचं असतं. मला तरी खुनी कळल्यावर जास्त उत्सुकता असते: आता ही काय करणार?

'रिबेका'तली मँडरले हवेली आणि जमैका इन खरोखर आहेत का?

जमैका इन आहे. इंग्लंडच्या नैऋत्य टोकाला, कॉर्नवॉलमधल्या बॉडमिन माळावर, बोल्व्हेंटर या वस्तीत. अठराव्या शतकातली खानावळ, आजही चालू. द्यू मोरिए 1930 मध्ये तिथे उतरली होती आणि मैत्रिणीबरोबर घोड्यावरून फिरताना माळावर वाट चुकली. कादंबरीचं बीज त्या चुकलेल्या वाटेत आहे.

मँडरले नावाचं घर नाही. पण फॉय गावाजवळच्या झाडीत मेनाबिली नावाचं एक जुनं घर आहे, ज्याने लेखिकेला तरुणपणापासून पछाडलं होतं. 'रिबेका' प्रसिद्ध झाल्यावर, 1943 मध्ये, ती त्या घरात भाड्याने राहायला गेली आणि वीस-पंचवीस वर्षं राहिली. घर तिच्या मालकीचं कधीच झालं नाही. कादंबरी लिहायला मात्र तिने इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाच्या उकाड्यात सुरुवात केली, नवऱ्याची लष्करी बदली तिकडे झाली होती म्हणून. कॉर्नवॉलचं ते ओलं धुकं घामाच्या धारांत बसून लिहायला घेतलं होतं, हे कळल्यापासून मला ते जास्तच ओलं वाटतं.

एकाच गावात इतके खून कसे होतात हो?

होत नाहीत. मालिकेच्या दहाव्या पुस्तकापर्यंत गावाची निम्मी लोकसंख्या संपायला हवी, हे लेखकांनाही ठाऊक असतं. कीर्तनात जशी एक गोष्ट मान्य करून पुढे ऐकायचं असतं, तसं समजा.

रक्तपात किती? आणि 'तसली' वर्णनं?

जुन्या पुस्तकांत दोन्ही जवळजवळ नाहीत. दार लागतं आणि प्रकरण संपतं. आजच्या अमेरिकन कादंबऱ्यांत दोन्ही असू शकतं, कधी कधी एकाच पानावर. घरातल्या चौदा वर्षांच्या मुलीला द्यायचं असेल तर ख्रिस्ती आणि स्टुअर्ट निर्धास्तपणे द्या.

आजच्या काळातलं काही सुचवा. मोबाईलने ही गंमत घालवली का?

घालवली नाही, हलवली. पूर्वी टेलिफोनची तार तुटली की बाई एकटी पडायची. आता सगळ्यांकडे फोन असतो, पण गावाच्या व्हॉट्सअॅप गटात जी कुजबुज चालते ती निनावी पत्रांपेक्षा वाईट.

अॅन क्लीव्हजची 'रेव्हन ब्लॅक' (2006) वाचून बघा. स्कॉटलंडच्या उत्तरेला शेटलंड बेटं आहेत, सगळी मिळून वस्ती साधारण तेवीस हजार, म्हणजे आपल्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी. बर्फात एका मुलीचं प्रेत सापडतं आणि अख्खी वस्ती एका एकलकोंड्या म्हाताऱ्याकडे बोट दाखवते, कारण काही वर्षांपूर्वीही एक मुलगी नाहीशी झाली होती तेव्हा त्याच्याकडेच बोट दाखवलं होतं. प्रेत पहिल्यांदा पाहणारी बाई आणि तपास करणारा अधिकारी यांच्यातलं नातं फार सावकाश पुढे सरकतं. घाईच्या वाचकाने यात पडू नये.

मालिका क्रमानेच वाचायची का?

मिस मार्पल कुठूनही. शेटलंड क्रमाने, कारण तिथे माणसांची आयुष्यं पुस्तकागणिक पुढे जातात.

आधी चित्रपट पाहू की पुस्तक वाचू?

पुस्तक. हिचकॉकचा 1940 चा 'रिबेका' उत्तम आहे, त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्करही मिळालं, पण त्या काळच्या हॉलिवूडच्या नीतिनियमांपायी कथेतली एक कळीची गोष्ट बदलावी लागली. ती बदलल्यावर नवऱ्याकडे बघण्याची आपली नजरच बदलते. आधी चित्रपट पाहिलात तर पुस्तकातला धक्का बसायचा तसा बसत नाही.

आपल्याकडे याच कथेवरून 1964 मध्ये 'कोहरा' निघाला, वहिदा रहमान नवी सून, आणि त्या कारभारणीच्या जागी ललिता पवार. निवड करणाऱ्याला दंडवत. ललिताबाईंनी नुसता पडदा बाजूला केला तरी वहिदाइतकेच आपणही दचकतो.

मराठीत असं काही आहे का?

आहे, पण विखुरलेलं, आणि पुस्तकांपेक्षा पडद्यावर जास्त. राजा परांजपे यांचा 'पाठलाग', तोही 1964 चाच. बायको गेली, तिचे अंत्यसंस्कार झाले, आणि मग हुबेहूब तिच्यासारखी दिसणारी बाई पकडली जाते आणि म्हणते, मीच तुमची बायको. प्रेम हेच रहस्य असण्याचं इतकं नेमकं उदाहरण मला दुसरं माहीत नाही. हिंदीने तो 'मेरा साया' म्हणून 1966 मध्ये उचलला. मराठीवरून हिंदीने घ्यावं असे योग फार येत नाहीत, म्हणून मुद्दाम सांगितलं. यात लहान गाव मात्र नाही.

लहान गाव होतं ते 2016 च्या 'रात्रीस खेळ चाले' या मालिकेत. सिंधुदुर्गातलं घर, अण्णा नाईकांचा मृत्यू, बाराव्या-तेराव्याला जमलेली भावंडं, आणि वाटणीची धुसफूस. पहिल्या काही आठवड्यांत भुतापेक्षा भाऊबंदकीची भीती जास्त वाटत होती, आणि मला मालिका तेवढीच आवडली.

छापील मराठीत ही वाट का रुळली नाही, याचं माझं उत्तर असं. आपली रहस्यकथा बाबुराव अर्नाळकरांपासून मुंबईची झाली: मोटारी, चाळी, गोदी, वेषांतर. गावाकडे गेलं ते ग्रामीण साहित्य, आणि त्याला दुष्काळ, सावकार, जात ही खरी दुःखं सांगायची होती. खेड्यातला जुना वाडा उरला, तो नारायण धारपांसारख्यांनी गूढ आणि भयाकडे नेला. मग गावातल्या प्रेमावर आणि गावातल्या संशयावर एकाच वेळी लिहायला कोणी उरलंच नाही. जागा मोकळी आहे.

मग आपल्या गावावर अशी कादंबरी लिहायची असेल तर?

इंग्रजी खेड्याचं सामान उचलून आणू नका. व्हिकार (चर्चचा धर्मगुरू) आणि निवृत्त कर्नल आपल्याकडे नाहीत, पण आपल्याकडचं सामान त्याहून सरस आहे.

पोलीस पाटील घ्या. 1967 च्या महाराष्ट्र ग्राम पोलीस अधिनियमाखाली नेमलेला हा माणूस गावातलाच असतो. संशयास्पद मृत्यूची खबर ठाण्याला द्यायचं काम त्याचं, आणि मेलेला माणूस बहुतेक वेळा त्याचा चुलता, सोयरा किंवा वैरी. नायकाला ही नोकरी दिलीत तर संशय आपोआप येतो. ठाण्यात आधी 'अकस्मात मृत्यू' अशी नोंद होते, पंचनामा होतो, पंच म्हणून गावातलेच दोघे उभे राहतात. 1 जुलै 2024 पासून हे सगळं भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 194 खाली चालतं, आधी फौजदारी प्रक्रिया संहितेचं 174 होतं. कथा कोणत्या वर्षी घडते ते ठरवून कलम लिहा. वाचकांत एखादा वकील असतोच आणि तो पत्र पाठवतो.

खुनाचं कारण शोधायला लांब जाऊ नका. सातबारा काढा. इतर हक्काच्या रकान्यात एखाद्या बहिणीचं नाव राहून गेलंय, ती वीस वर्षांनी परत आली आहे, आणि तिला बांधावरच्या शेजाऱ्याचा मुलगा आवडतो. तिने हक्कसोड पत्रावर सही केली तर सगळे खूश. नाही केली तर? तुमची दोनशे पानं इथेच बसली.

आणि वातावरण हवं असेल तर सिंधुदुर्गातली गावपळण. आचरा, चिंदर, वायंगणी अशा काही गावांत दर तीन-चार वर्षांनी ग्रामदेवतेचा कौल घेऊन सगळी माणसं गुरंढोरं, कोंबड्या-कुत्र्यांसकट वेशीबाहेर जाऊन झोपड्या बांधून राहतात. तीन दिवस घरं रिकामी. पुन्हा कौल मिळाला की परतायचं. वेशीबाहेर गाणी, फुगड्या, एकत्र जेवणं, म्हणजे प्रेमाला सगळा वाव. आणि आत, त्या सुन्या गावात, एका घराची कडी परतल्यावर उघडी सापडते. हे सुचून मला सहा वर्षं झाली, माझ्याने लिहून होत नाही. कोणी लिहिलंत तर वाचायला मी पहिला.

बोली सांभाळा, एवढंच. मालवणात बसून पुणेरी बोलणारा पोलीस पाटील पहिल्याच पानावर पकडला जाईल.

अशी पुस्तकं वाचून माणूस संशयी होतो का?

जेन ऑस्टिनने यावर अख्खी कादंबरी लिहून ठेवली आहे, 'नॉर्थँगर अॅबी'. ती तिच्या मृत्यूनंतर 1817 च्या डिसेंबरात आली. तिच्यातली मुलगी हवेल्यांच्या भयकथा वाचून वाचून होणाऱ्या सासऱ्यावरच बायकोच्या खुनाचा संशय घेते. जुन्या कपाटात गुप्त कागद सापडतात म्हणून रात्रभर झोपत नाही, आणि सकाळी बघते तर धोब्याची यादी! सासरा खुनी निघत नाही. तो फक्त पैशाला हपापलेला निघतो. म्हणजे संशय चुकला, माणूस ओळखण्यात मात्र ती फारशी चुकली नाही.

तुमच्याकडून ही पुस्तकं वाचायला मिळतील का?

मिळतील, 'रिबेका' सोडून. माझी प्रत गणपतीच्या सुमारास कोणीतरी नेली आणि वहीत नाव लिहायचं राहिलं. कोणाकडे आहे ते मी अजून विचारलेलं नाही. पण तिसऱ्या मजल्यावरच्या एका बाई परवा लिफ्टमध्ये पुटपुटल्या, 'काय ती कारभारीण, बाई!' आणि माझ्याकडे बघून एकदम गप्प झाल्या.